दिगू टिपणीसच्या वारसांना

मंत्रालयात आणि विधिमंडळात बातमीदारी करणाऱ्या तमाम राजकीय वार्ताहरांना
जवळा बाजारहून नमस्कार.

गेल्या काही वर्षांत तुम्ही अरुण साधूंना तीनदा कामाला लावलंत. २३ नोव्हेंबर २०१९ला राजभवनात भल्या सकाळी शपथविधी उरकला तेव्हा, जून २०२२मध्ये आमदार सुरतमार्गे गुवाहाटीला गेले तेव्हा आणि जुलै २०२३मध्ये राष्ट्रवादीची दोन दारं झाली तेव्हा. तिन्ही वेळा त्यांच्या कादंबरीचं नाव, 'सिंहासन' हा शब्द मथळ्यांतून, चर्चांतून आणि अग्रलेखांतून पोटभर वापरला गेला. सिनेमातला वेड्यासारखा हसणारा निळू फुले सगळ्यांच्या मोबाइलवर फिरला. साधूंनी किती आधी ओळखलं होतं बघा, असं म्हणत सगळ्यांनी माना डोलावल्या आणि विषय संपला.

माझं म्हणणं एवढंच आहे की तुम्ही साधूंचं अर्धंच पुस्तक वापरता. वापरता तोही अर्धा भाग सोपा.

मी कोण, ते आधी सांगतो. हिंगोली जिल्ह्यातल्या औंढा नागनाथ तालुक्यात, परभणीहून हिंगोलीकडे येताना आमचं गाव लागतं. इथे माझी पेपरची एजन्सी आहे आणि बातमीदारीही माझ्याकडेच आहे. मुंबईत ही दोन वेगळी कामं असतात. आमच्याकडे जो पेपर वाटतो तोच बातमी देतो, तोच पुढाऱ्याच्या वाढदिवसाची जाहिरात आणतो आणि जाहिरातीच्या कमिशनवर घर चालवतो. पत्रकारितेच्या स्वातंत्र्यावर मी भाषण करणार नाही, घाबरू नका. मात्र पहाटे गठ्ठा सोडून सगळ्या पेपरांची पहिली पानं एका नजरेत बघण्याचा जो योग मला रोज येतो, तो तुमच्यापैकी फार थोड्यांच्या वाट्याला येत असेल.

त्या २३ नोव्हेंबरचंच घ्या. आदल्या संध्याकाळी तीन पक्षांचं उद्धव ठाकरे यांच्या नावावर एकमत झाल्याचं शरद पवारांनी सांगितलं होतं. तेच सगळ्या पेपरांच्या पहिल्या पानावर होतं. गावातला शेवटचा पेपर दारात पडेपर्यंत टीव्हीवर फडणवीस आणि अजित पवार शपथ घेऊन मोकळे झाले होते. गिऱ्हाइकं दिवसभर मला हसत होती. हसू द्या. बातमी हुकणं हा धंद्याचा भाग आहे. मला खटकलं ते नंतरचं. पुढचे कित्येक दिवस पहाटे कोण कुठे झोपला होता, कोणी कोणाला फोन केला, गाडी कोणत्या गेटातून आत गेली, एवढाच राजकारणाचा अर्थ उरला. राज्यात तेव्हा राष्ट्रपती राजवट लागून उठली होती, आणि आमच्याकडे ऑक्टोबरच्या अवकाळी पावसाने काढणीला आलेलं सोयाबीन झाडावरच उगवलं होतं. पंचनाम्याचं पुढे काय, हे विचारायला शेतकरी माझ्याकडे येत होते, कारण पेपरवाल्याला ठाऊक असतं अशी गावाची समजूत आहे. मी गठ्ठा उलटापालटा करायचो. उत्तर जिल्ह्याच्या पानावर, आतल्या घडीत, चार ओळींत असायचं किंवा नसायचंच.

आता साधूंकडे येतो. तुमच्यातल्या तरुण मंडळींना साधू म्हणजे 'सिंहासन' एवढंच ठाऊक असेल, म्हणून थोडं सविस्तर.

अरुण साधू १९४१ साली परतवाड्यात जन्मले. मेळघाटच्या पायथ्याचं हे गाव, अमरावती जिल्ह्यातलं. म्हणजे मुंबईच्या राजकारणाचा मराठीतला सगळ्यात पक्का नकाशा काढणारा माणूस मुंबईचा नव्हता. पुण्यात 'केसरी'त उमेदवारी करून तो मुंबईला गेला आणि पुढची बरीच वर्षं इंग्रजी पेपरांत राबला. 'इंडियन एक्स्प्रेस', 'टाइम्स ऑफ इंडिया', 'स्टेट्समन' आणि पुढे 'फ्री प्रेस जर्नल'चं संपादकपद. पगार इंग्रजीचा, कादंबऱ्या मात्र मराठीत. मला हे नुसतं भाषाप्रेम वाटत नाही. इंग्रजी पेपरात दोन कॉलमांच्या बातमीत जेवढं मावायचं तेवढं तिथे गेलं असणार. उरलेलं, म्हणजे माणसांचे चेहरे, त्यांची भीती, पैशाच्या वाटा, फोनवरचं बोलणं आणि न बोलणं, हे सगळं मराठीत आलं. बातमीदाराच्या वहीतला जो भाग उपसंपादक कापतो, त्यातून साधूंनी आपली कादंबरी उभी केली असं मला नेहमी वाटत आलंय.

त्याच्याही आधी त्यांनी एक मोठं काम केलं होतं, ते आज कुणी आठवत नाही. श्री. ग. माजगावकरांच्या 'माणूस' साप्ताहिकात त्यांनी चीनच्या क्रांतीवर लेखमाला लिहिली, तिचं 'आणि ड्रॅगन जागा झाला' हे पुस्तक झालं. मग 'फिडेल, चे आणि क्रांती'. नंतर रशियावरचं 'तिसरी क्रांती'. ही पुस्तकं आमच्यासारख्या गावांच्या वाचनालयांत पोचली होती. पुठ्ठा निखळलेला, पानांना हळदीचे पिवळे ठसे, मधलं एखादं पान गायब. ती वाचून माओ आणि कॅस्ट्रोवर वाद घालणारी एक पिढी मराठवाड्याच्या गावोगावी होती. त्यातले काही पुढे शिक्षक झाले, काही शेतकरी संघटनेत गेले, काही आडत्यांच्या दुकानात हिशेब लिहायला बसले. परदेशातल्या क्रांतीवर लिहिताना साधूंनी कधी हा विषय खेड्यातल्या वाचकाला झेपेल का असा संकोच केला नाही. आणि तो झेपला. तुमच्यापैकी अनेकांना मात्र वाटतं की ग्रामीण वाचकाला फोडाफोडीच्या गोष्टीच हव्या असतात.

सत्तरच्या दशकात 'मुंबई दिनांक' आली आणि १९७७ साली 'सिंहासन'. त्यात मुख्यमंत्री जिवाजीराव, त्यांच्या खुर्चीवर डोळा ठेवून बसलेले विश्वासराव दाभाडे, कामगार पुढारी डिकास्टा आणि या सगळ्यांमध्ये हिंडणारा वार्ताहर दिगू टिपणीस. एक निनावी फोन येतो, तुमच्याविरुद्ध कट शिजतोय म्हणून, आणि चक्र फिरायला लागतं. दोन्ही कादंबऱ्या एकत्र करून विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिली, जब्बार पटेलांनी १९७९ साली सिनेमा केला. अरुण सरनाईक मुख्यमंत्री, श्रीराम लागू दाभाडे, सतीश दुभाषी डिकास्टा, आणि दिगूच्या भूमिकेत निळू फुले. आमच्या भागात निळू फुले म्हटलं की वाड्यावरचा खलनायक पाटील. त्याला खांद्यावर शबनम अडकवून गप्प गप्प फिरताना बघून कितीतरी प्रेक्षक चक्रावले होते. मला ती निवड फार शहाणी वाटते. गावातल्या माणसाला सत्तेचा चेहरा म्हणून जो ठाऊक होता, तोच इथे सत्तेपुढे हात बांधून उभा होता.

कादंबरी आली १९७७ला. पुढच्याच वर्षी, १८ जुलै १९७८ला, वसंतदादांचं सरकार पाडून शरद पवार मुख्यमंत्री झाले. म्हणून साधूंना द्रष्टा म्हणायची पद्धत पडली. मला हा सन्मान त्यांच्यावर अन्यायच करणारा वाटतो. ते ज्योतिषी नव्हते, बातमीदार होते. ते रोज तिथे जात होते, बसत होते, ऐकत होते. जे घडत होतं ते त्यांनी लिहिलं आणि ते पुन्हा घडलं, कारण घडवणाऱ्यांच्या सवयी बदलल्या नव्हत्या. भविष्य सांगितलं असं म्हटलं की आपली सुटका होते. आपल्याला काही ठाऊक नव्हतं, त्या एका अवलियाला कळलं होतं, झालं. पण तुम्हाला सगळं ठाऊक असतं. दिगूलाही होतं.

दिगूकडे सगळे येतात ते वापरायला. मुख्यमंत्र्याला त्याच्याकडून विरोधकांची खबर हवी, विरोधकाला मुख्यमंत्र्याची. त्याला मान आहे, चहा आहे, आतल्या खोलीत प्रवेश आहे. फक्त त्याला जे कळलंय ते सांगण्याची जागा नाही. शेवटी सगळा खेळ होऊन खुर्ची जिथल्या तिथे राहते आणि तो हसत सुटतो. ते हसू तुम्ही मोबाइलवर एकमेकांना पाठवता. गंमत म्हणून पाठवता की ओळख पटते म्हणून, हे मला दुरून कळायला मार्ग नाही.

पण अर्ध्या पुस्तकाचं म्हणालो ते वेगळं आहे. साधूंच्या गोष्टीत खुर्चीच्या खाली बरंच काही आहे. तिथे दुष्काळ आहे, संप आहे, गोदीतली तस्करी आहे, झोपडीतला बेकार पोरगा आहे, साखर आणि जमिनीच्या जोरावर वर आलेली माणसं आहेत. मुख्यमंत्र्याच्या दालनातला एक फोन या सगळ्यांपर्यंत कसा पोचतो, आणि यांच्यातली एखादी ठिणगी त्या दालनापर्यंत कशी येते, हे त्या लेखनाचं खरं बळ. तुम्ही उचलता तो फोन. बाकीचं सगळं तुम्हाला पार्श्वभूमी वाटतं. आमच्या गावाचा पत्ता नेमका त्या पार्श्वभूमीतला आहे.

१९७२-७३चा दुष्काळ आमच्या भागातल्या म्हाताऱ्यांना आजही तोंडपाठ आहे. परदेशातून आलेल्या लाल मिलोच्या भाकरी, सुकडी, उन्हात खडी फोडणाऱ्या बायका. त्या दुष्काळी कामांतून पुढे रोजगार हमी योजना वाढली आणि वि. स. पागे यांच्या चिकाटीमुळे १९७७ साली तिचा कायदा झाला. मागेल त्याला काम, हे सरकारने कायद्यानं मान्य केलं. देशात असं करणारं हे पहिलं राज्य. केंद्राचा कायदा यायला २००५ उजाडावं लागलं. म्हणजे ज्या वर्षी 'सिंहासन' छापून आली, त्याच वर्षी त्याच विधिमंडळातून हा कायदा बाहेर पडला. जिथे कटकारस्थानं शिजत होती, त्याच इमारतीत हेही घडत होतं. राजकारण म्हणजे या दोन्ही गोष्टी. साधूंच्या काळात त्या एकाच माणसाच्या नजरेत मावत होत्या.

याहून जवळचं, आणि फार दुखरं उदाहरण १९७८चं आहे. पवारांचं पुलोद सरकार येऊन दहा दिवसही झाले नव्हते, तोच २७ जुलैला विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव देण्याचा ठराव केला. मुंबईत तो एका दिवसाचा विषय होता. इथे परभणी-नांदेड पट्ट्यात दलित वस्त्या जळाल्या, माणसं गावं सोडून गेली. हिंगोली तेव्हा परभणी जिल्ह्यातच होतं. नाव मिळायला १४ जानेवारी १९९४ उजाडला, तेही 'मराठवाडा' हा शब्द ठेवून. सभागृहात हात वर होणं आणि गावात घराला आग लागणं यांच्यामध्ये जे अंतर आहे, ते मोजणं हे राजकीय बातमीदाराचं काम. त्या वेळी ते फार थोड्यांनी केलं.

इथे मला मराठवाड्यातल्या एका मोठ्या संपादकाचं नाव घ्यावंच लागेल. अनंत भालेराव. आ. कृ. वाघमारे यांनी १९३८ साली सुरू केलेला 'मराठवाडा' हा पेपर निजामाच्या बंदीला तोंड देत नावं बदलून निघत राहिला. स्वामी रामानंद तीर्थांच्या लढ्यातून आलेल्या भालेरावांनी पुढे त्याला या प्रदेशाचा आवाज केलं. हैदराबादच्या स्वातंत्र्यसंग्रामावरचं त्यांचं पुस्तक अजून कुणी मागे टाकलेलं नाही. वसमतच्या महाविद्यालयाला ज्यांचं नाव आहे त्या हुतात्मा बहिर्जी शिंद्यांच्या पिढीचा तो हिशेब आहे. १९७४च्या मराठवाडा विकास आंदोलनात वसमतला गोळीबार झाला तेव्हा आपलं दुःख कुठे छापून येईल, याविषयी इथल्या माणसाला शंका नव्हती. पण नामांतराला भालेरावांच्या दैनिकाने विरोध केला, आणि त्याची सल इथल्या दलित वाचकाच्या मनातून गेलेली नाही. माणूस चळवळीच्या इतका आत असला की त्याला आपल्याच अंगणातला एक कोपरा दिसेनासा होतो. साधू चळवळीत नव्हते, पॅसेजमध्ये उभे होते. त्या उभं राहण्याचा तोटा होता तसा फायदाही होता. जब्बार पटेलांच्या 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' या चित्रपटाच्या पटकथेत सूनी तारापोरवाला आणि दया पवार यांच्याबरोबर साधूंचाही हात आहे, हे मला इथे मुद्दाम सांगावंसं वाटतं.

साधूंचं सगळंच मला आवडतं असं नाही. त्यांची काही वाक्यं बातमीसारखी कोरडी आहेत. त्यांच्या कादंबऱ्यांतल्या बायका पुरुषांच्या भानगडींच्या कडेकडेने वावरतात. आणि खेडं त्यांनी बहुतेक वेळा मुंबईच्या खिडकीतूनच पाहिलं. जवळा बाजारच्या मोंढ्यात त्यांचं एकही पात्र कधी आलं नाही. मला त्याची खंत नाही. त्यांच्या कागदावर दालन आणि दुष्काळ शेजारी शेजारी होते, यावरच माझा सगळा भर आहे.

आता तुमच्या कागदाकडे बघू. तुमचा म्हणजे आपला. मीही त्यातच आहे.

पूर्वी एका पेपरचा एकच अंक सगळ्या मुलखात जायचा. मग जिल्ह्याजिल्ह्याच्या आवृत्त्या निघाल्या, पुरवण्या निघाल्या. मला तेव्हा आनंद झाला होता. गावाची बातमी छापून यायला लागली, रस्त्यावरच्या खड्ड्याला फोटो मिळाला. काही वर्षांनी लक्षात आलं की ही बातमी जिल्ह्याबाहेर जातच नाही. जवळा बाजारची बातमी हिंगोलीच्या पानावर छापली जाते, हिंगोलीतच वाचली जाते आणि संध्याकाळी त्यात भजी बांधली जातात. परभणी इथून हाकेच्या अंतरावर, तिथेही ती पोचत नाही. मंत्रालयात तर प्रश्नच नाही. उलट मंत्रालयातली बातमी मात्र सगळ्या आवृत्त्यांच्या पहिल्या पानावर जाते. कुठल्या नेत्याने कुणाकडे बघून स्मित केलं हे गोंदिया ते सावंतवाडी सगळ्यांना कळतं. पाटाचं पाणी सगळं एकाच बाजूला उतरावं, तसं हे झालंय. वरून खाली येतं, खालून वर काही चढत नाही.

साधूंनी जे शेजारी शेजारी ठेवलं होतं, ते आपण वेगवेगळ्या आवृत्त्यांत छापतो.

२०२२चंच सांगतो. जूनमध्ये आमदार गुवाहाटीत डोंगर-झाडी बघत होते, ते दिवस आमच्याकडे मृगाच्या पेरणीचे. बी-बियाणं, खताचं लिंकिंग, पीककर्जाच्या रांगा. ३० जूनला एकनाथ शिंदे आणि देवेंद्र फडणवीस यांनी शपथ घेतली आणि ९ ऑगस्टपर्यंत राज्याचं मंत्रिमंडळ म्हणजे ही दोनच माणसं. त्याच जुलैच्या दुसऱ्या आठवड्याच्या सुरुवातीला वसमत तालुक्यातल्या कुरुंद्यात रात्रीतून नदीचं पाणी घरांत शिरलं. संसार वाहून गेले, शिवारं खरडली. राज्याला तेव्हा कृषिमंत्री नव्हता, मदत व पुनर्वसन मंत्री नव्हता, जिल्ह्याला पालकमंत्री नव्हता. पालकमंत्री नेमले गेले ते सप्टेंबरच्या अखेरीस. कुरुंद्याच्या पुराची बातमी झाली, फोटो झाले, मुख्यमंत्र्यांनी जिल्हाधिकाऱ्यांना फोन केल्याचंही छापून आलं. पण मंत्रिमंडळ दोघांचंच असणं आणि कुरुंद्याच्या चिखलात उभ्या माणसाला दाद मागायला दार नसणं, हे दोन्ही एकाच बातमीत मी तरी वाचलं नाही. विस्ताराला उशीर का, तर कुणाला कोणतं खातं, नाराज कोण, दिल्लीची वारी कितवी. ते सगळं तुम्ही बारकाईनं लिहिलंत. त्या उशिराची किंमत कोण मोजतंय, तेवढं राहिलं.

मराठवाडा वैधानिक विकास मंडळाचं असंच. १९५६ साली आम्ही मुंबई राज्यात आलो ते नागपूर कराराच्या भरवशावर. अनुशेष मोजायला दांडेकर समिती, मग १९९४ साली राज्यपालांच्या देखरेखीखाली मंडळं. ३० एप्रिल २०२० रोजी त्यांची मुदत संपली, टाळेबंदीच्या गोंधळात. मुदतवाढीवरून आघाडी सरकार आणि राजभवन यांच्यात रस्सीखेच झाली, बारा राज्यपालनियुक्त आमदारांच्या नियुक्तीशी तिचा संबंध जोडला गेला, ते तुम्ही रंगवून लिहिलंत. पण मंडळ नसल्याने निधीवाटपाच्या सूत्राचं काय झालं, हे किती जणांनी तपासलं? तो विषय कंटाळवाणा आहे, मान्य. पागेंचा कायदाही कंटाळवाणाच होता.

तुमच्या अडचणी मला ठाऊक नाहीत असं समजू नका. मालकाला खप हवा, चॅनलला दर अर्ध्या तासाला नवं काहीतरी हवं, नेत्याचा माणूस व्हॉट्सॲपवर तयार मजकूर पाठवतो आणि तो लावला नाही तर पुढच्या वेळी आतल्या खोलीत प्रवेश मिळत नाही. माझ्याकडेही बाजार समितीच्या निवडणुकीत दोन्ही पॅनलच्या जाहिराती असतात. तेव्हा मी तुम्हाला शूरवीर व्हा असं सांगणार नाही. साधूही शूरवीर नव्हते. नोकरी सांभाळून, रात्री घरी येऊन लिहिणारे पत्रकार होते. आणि ते एकटे नव्हते. १९७४च्या अखेरीस दिनकर गांगल, अशोक जैन, कुमार केतकर अशा पेपरातल्याच मंडळींबरोबर त्यांनी 'ग्रंथाली' उभी करायला हात लावला. पेपरात जे मावत नाही त्यासाठी आपणच दुसरी जागा तयार करायची, आणि ती वाचकाच्या वर्गणीवर चालवायची. तिथूनच १९७८ साली 'बलुतं' आलं. आज तुमच्या हातात साधनं त्यांच्यापेक्षा कितीतरी जास्त आहेत. यूट्यूबवर स्वतःची वाहिनी काढलेले तुमच्यातले बरेच जण मी बघतो. त्यातही पुन्हा कोण नाराज, कोण जाणार, हेच असतं. मालक नसतानाही!

पुढे नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात साधू पुण्याला विद्यापीठाच्या वृत्तपत्रविद्या विभागाचे, म्हणजे रानडे इन्स्टिट्यूटचे प्रमुख होते. तुमच्यातले काही त्यांचे थेट विद्यार्थी असतील. २००७च्या नागपूरच्या ऐंशीव्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले, २०१५ साली जनस्थान पुरस्कार मिळाला. २५ सप्टेंबर २०१७ला गेले, देहदान करून. कर्मकांड नको असं सांगून गेलेला माणूस. त्याच्या नावाने आपण दर राजकीय भूकंपाला 'सिंहासन' शब्दाचं श्राद्ध घालतो. आणि हो, 'झिपऱ्या' कुणी वाचली का? मुंबईच्या रेल्वे स्टेशनांवर बूटपॉलिश करणाऱ्या पोरांवरची. मुख्यमंत्र्यांच्या दालनात ज्याचा वावर होता, त्याला फलाटावरची ही पोरंही दिसत होती.

माझी मागणी फार मोठी नाही. पुढच्या वेळी खुर्ची हलली, आणि ती हलणारच, तर 'सिंहासन' मथळा खुशाल द्या. पण त्याच्या शेजारच्या कॉलमात, त्याच पानावर, सगळ्या आवृत्त्यांत, त्या आठवड्यात सही न होता पडून राहिलेल्या एका तरी फायलीची बातमी द्या. एकच. फाइल कुणाची, कुठल्या गावाशी संबंधित, किती दिवस पडून. गावातलं टोक माझ्यासारखा कुणीही तुम्हाला पुरवील. प्रत्येक मोठ्या गावात एक पेपरवाला आहे आणि त्याला मंत्रालयातून आजवर कधी फोन आलेला नाही.

डिसेंबरात तुम्ही नागपूरच्या अधिवेशनाला समृद्धी महामार्गाने जाता. त्या रस्त्यावर आमचा जिल्हा लागत नाही. वाशिम जिल्ह्यात खाली उतरून, हिंगोली, औंढा करत यावं लागेल. तेव्हा येलदरी-सिद्धेश्वरच्या पाण्याची रब्बीची पाळी सुरू असते किंवा का सुरू नाही यावरून भांडण तरी सुरू असतं, मोंढ्यात सोयाबीनला हमीभाव मिळतो की नाही ते तराजूपाशी उभं राहिल्यावर कळतं, आणि वावरात हळद उभी असते. वसमतच्या हळदीला भौगोलिक मानांकन मिळालंय. त्यानंतर दरात काही फरक पडला का, हा प्रश्न तुम्ही आडत्याला विचारा, शेतकऱ्याला विचारा आणि मग नागपुरात मंत्र्यालाही विचारा. तीन उत्तरं येतील. ती तिन्ही एकाखाली एक छापा.

जाता जाता एक कामाचं. २७ सप्टेंबर २०२२ला राज्य मंत्रिमंडळाने विकास मंडळं पुन्हा स्थापन करायचा निर्णय घेतला होता आणि प्रस्ताव केंद्राकडे जायचा होता. तो कागद कुणाच्या टेबलावर किती दिवस थांबला, याचा तारीखवार तपशील तुमच्यापैकी कुणी काढला असेल तर मला पाठवावा. हिंगोलीच्या पानावर छापून घ्यायची जबाबदारी माझी. बाकीच्या पानांचं तुम्ही बघा.

आपला,
जवळा बाजारचा पेपरवाला